‘अ‍ॅव्हेंजर्स’मधला तो रशियन म्हातारा खरंच मोठा पोलिश दिग्दर्शक आहे का? असेल, तर त्याचं काय बघावं?

हो, खरं आहे. २०१२च्या ‘द अ‍ॅव्हेंजर्स’मध्ये ब्लॅक विडोला खुर्चीला बांधून दरडावणारा म्हातारा म्हणजे येझी स्कोलिमोव्स्की. इंग्रजी सिनेमात त्यांच्या वाट्याला बहुधा असलीच माणसं आली. ‘व्हाइट नाइट्स’मध्ये (१९८५) केजीबीचा कर्नल, ‘ईस्टर्न प्रॉमिसेस’मध्ये (२००७) तिरसट काका. कामं चोख आहेत, पण तेवढ्यावरून त्यांना ओळखू नका.

गडी मुळात लिहिणारा. विशीत कविता करायचा आणि बॉक्सिंगही करायचा. पोलिश दिग्दर्शक आंद्रे वायदा तेव्हा तरुणांवर सिनेमा करत होते. यानं त्यांच्या पटकथेला नावं ठेवली, तर वायदांनी त्यालाच लिहायला बसवलं. तो सिनेमा म्हणजे ‘इनोसंट सॉर्सरर्स’ (१९६०), आणि त्यात तो बॉक्सर म्हणून दिसतोही. मग दिग्दर्शक रोमन पोलान्स्कीच्या ‘नाइफ इन द वॉटर’च्या (१९६२) लेखनातही त्याचा हात होता. पोलंडमधल्या वूच शहरातल्या फिल्म स्कूलमध्ये दरवर्षी सरावासाठी जी कोरी फिल्म मिळायची, ती उधळून न टाकता त्यानं तिचे तुकडे जोडून चक्क पूर्ण लांबीचा पहिला सिनेमा काढला. लेखक तोच, दिग्दर्शक तोच, नायकही तोच. असा जुगाडू विद्यार्थी कुठल्या मास्तरांना नको असेल?

१९६७ साली ‘ले देपार’ला बर्लिन चित्रपट महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक, गोल्डन बेअर, मिळालं. त्याच वर्षीच्या ‘हँड्स अप!’ मध्ये मात्र स्टालिनचं पोस्टर होतं, त्यावर डोळ्यांच्या दोन जोड्या! पोलंडच्या कम्युनिस्ट सरकारनं सिनेमा डब्यात टाकला आणि हा माणूस देश सोडून गेला.

आता माझं मत. त्यांचं सगळ्यात पक्कं लेखन ‘मूनलाइटिंग’मध्ये (१९८२) आहे. चार पोलिश कामगार लंडनमध्ये चोरून घरदुरुस्तीचं काम करतायत. इंग्रजी येतं फक्त मुकादमाला, म्हणजे जेरेमी आयर्न्सला. तिकडे पोलंडमध्ये डिसेंबर १९८१मध्ये लष्करी कायदा लागू होतो आणि मुकादम ती बातमी बाकीच्यांपासून लपवतो, कारण काम पुरं व्हायला हवं. राजकारणावर एक भाषण नाही, तरी हुकूमशाही कशी चालते ते त्या घरात दिसतं. फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात पटकथेचं पारितोषिक मिळालं ते उगाच नाही.

१९९१नंतर सतरा वर्षं त्यांनी दिग्दर्शन केलंच नाही, चित्रं काढली. परत आले ते निराळेच होऊन. दुसऱ्यांना संवाद लिहून देणारा हा माणूस आता संवादच काढून टाकायला लागला. ‘इसेन्शियल किलिंग’मधला (२०१०) बर्फात पळणारा कैदी अख्ख्या सिनेमात एक शब्द बोलत नाही. ‘ईओ’चा (२०२२) नायक तर गाढवच आहे. सर्कशीतून सुटलेलं ते गाढव युरोपभर या मालकाकडून त्या मालकाकडे जातं. कानला ज्युरी पुरस्कार घेताना चौऱ्याऐंशी वर्षांच्या स्कोलिमोव्स्कींनी भूमिका करणाऱ्या सहाही गाढवांचे नावानिशी आभार मानले. नटांना एवढा मान क्वचितच मिळतो.

‘मूनलाइटिंग’पासून सुरुवात करा, मग ‘ईओ’ बघा. ‘११ मिनिट्स’ (२०१५) राहिला तरी चालेल. मला तो नुसता चकचकीत वाटला.