तिसरा चार्जिंग आयसी मागवण्याआधी दोन रेझिस्टर बघ

भाऊ, लॅपटॉपच्या चार्जिंग जॅकवर 19 व्होल्ट येतात, पुढे बोर्ड ठार बंद, चार्जिंग आयसी (ॲडॉप्टरची पॉवर आत घेऊन बॅटरी चार्ज करणारी चिप) दोनदा बदलून झाला, आणि स्कीमॅटिक, म्हणजे बोर्डाच्या सर्किटचा नकाशा, उघडलं तर साठ पानं. सुरुवात कुठून करू, असं तू विचारलंस. आधी तर तिसरा आयसी मागवू नको.

स्कीमॅटिक पहिल्या पानापासून वाचत बसायचं नसतं. बोर्डावर छापलेला नंबर रिव्हिजनसकट जुळव. लॅपटॉपचं मॉडेल तेच असलं तरी आतला बोर्ड वेगळा निघतो. मग पॉवर सिक्वेन्सचं, म्हणजे कुठला सप्लाय कशानंतर येतो त्याचं, पान काढ. क्रम असा: ॲडॉप्टर, कायम चालू राहणारे 3.3 आणि 5 व्होल्ट, बटणाचा सिग्नल, आणि प्रोसेसरचा सप्लाय पार शेवटाकडे. तुझं घोडं पहिल्याच पायरीवर अडलंय, म्हणून रॅम आणि बायोसची पानं उगं उघडू नको.

गेल्या पावसाळ्यात लातूरला माझ्या टेबलावर असाच एक बोर्ड आला होता. चार्जिंग आयसी बीक्यू24725ए. त्याच्या एसीडेट पिनवर 2.4 व्होल्टच्या वर आलं, तरच तो ॲडॉप्टर लागलाय असं मानतो आणि इनपुटचे मॉसफेट (पॉवर आत सोडणारे इलेक्ट्रॉनिक स्विच) उघडतो. ते व्होल्टेज दोन रेझिस्टरमधून वाटून येतं. स्कीमॅटिकमध्ये वर 430 के (किलोओहम), खाली 66.5 के. हिशेब केला तर 19 व्होल्टवर साधारण 2.54 यायला पाहिजे. मीटर दाखवत होतं 1.18. म्हणजे आयसी आपलं काम बरोबर करत होता, त्याला खबरच चुकीची जात होती.

बोर्डव्ह्यूवर (कुठला भाग बोर्डावर कुठे आहे ते दाखवणारी फाइल) वरचा रेझिस्टर शोधला, तर तो जॅकच्या बाजूलाच, एक टोक हिरवं पडलेलं. काढून मोजला, जवळपास 1 मेगओहम. भंगारातल्या बोर्डावरचा 430 के लावला, जागा आयपीएने (आयसोप्रोपिल अल्कोहोल) घासली, बोर्ड उठला. गिऱ्हाईक म्हणत होतं, लाइट सारखी ये-जा करते म्हणून जळला. चहा सांडला हे कोण कबूल करतंय!

आयसी दुसरा असला तर हा 2.4 व्होल्टचा आकडा बदलतो, त्याची डेटाशीट बघ. स्कीमॅटिकमध्ये एनसी (म्हणजे बसवायचा नाही) लिहिलेला भाग बोर्डावर नसतोच, रिकामी जागा दिसली म्हणून काही लावायला जाऊ नको. आणि मॉसफेटच्या पुढच्या मेन लाइनला शॉर्ट निघाला, तर हे सगळं बाजूला ठेव. डीसी सप्लायवरून 1 व्होल्ट सोडून कुठला कपॅसिटर तापतो ते आधी बघ.

बोर्ड नंबर, एसीडेट आणि एसीओके (ॲडॉप्टर ठीक आहे असं आयसी जिच्यावर सांगतो ती पिन) या दोन पिनांचं रीडिंग टाक, मग पुढचं पान सांगतो.