कायदा आणि नोकरी : मुदतीआधीच बदली झाली, आता काय?

प्रश्न : मी महसूल खात्यात लिपिक आहे. या कार्यालयात येऊन 16 महिने झाले. ऑक्टोबरमध्ये अचानक दुसऱ्या तालुक्यात बदली झाली. आदेशात कारण एवढंच : ‘प्रशासकीय कारणास्तव’. मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) दाद मिळेल का?

उत्तर : मिळू शकते, पण ‘घरापासून लांब पडतं’ या मुद्द्यावर नाही. बदली ही नोकरीचीच अट आहे. बंधनकारक नियम मोडला किंवा आकसाने बदली केली तरच न्यायालयं हात घालतात, हे सर्वोच्च न्यायालयाच्या शिल्पी बोस प्रकरणापासून (1991) पक्कं आहे. आपल्याकडे जमेची बाजू अशी की हा नियम साधं परिपत्रक नसून 2005 चा बदल्यांचा कायदा आहे. कलम 3 प्रमाणे एका पदावरचा सर्वसाधारण कालावधी 3 वर्षांचा, आणि कलम 4(4) प्रमाणे बदल्या एप्रिल-मेमध्ये. तुमची बदली दोन्हीत बसत नाही. मुदतीआधी हलवायचं तर कलम 4(5) प्रमाणे लेखी कारण हवं आणि कलम 6 च्या तक्त्यातल्या लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता हवी.

कारण आदेशातच छापलेलं असलं पाहिजे असं नाही; ते नस्तीत (कार्यालयीन फाइलमध्ये) असावं लागतं. म्हणून माहितीच्या अधिकारात प्रस्तावाची टिप्पणी, बदल्यांची शिफारस करणाऱ्या नागरी सेवा मंडळाचं इतिवृत्त आणि मान्यतेचं पान मागा. सहीखालची तारीख आधी बघा. आदेश 14 तारखेचा आणि मान्यता 17 ची असेल, तर ती ‘पूर्व’ राहिली नाही. टिप्पणीत नुसतं ‘तक्रारी आहेत’ असेल आणि एकाही तक्रारीची चौकशी नसेल, तर तोही मुद्दा घ्या.

मात्र कागदांसाठी 30 दिवस थांबू नका. प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम 19 खाली मॅटमध्ये करायच्या मूळ अर्जाला मुदत एक वर्षाची असली, तरी खरी घाई कार्यमुक्तीची असते. पदभार तुमच्याकडे असताना ‘जैसे थे’ आदेश मिळाला तर खुर्ची राहते. कार्यमुक्त होऊन तुमच्या जागी दुसरा रुजू झाल्यावर त्याच आदेशाचा उपयोग त्याला होतो! नस्ती हजर करण्याची विनंती अर्जातच करा. तुमच्या जागी येणाऱ्यालाही प्रतिवादी करा. हे राहून गेलं की सुनावणी तिथेच अडते.

प्रश्न : निवेदन दिलंय. उत्तर येईपर्यंत रजेवर राहू का?

उत्तर : नको. निवेदनाने बदली थांबत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्येच, पोशानी प्रकरणात, हे सांगितलंय. गैरहजेरी लागते, पगार अडकतो, वर विभागीय चौकशी. स्थगिती नसेल तर ‘हक्क अबाधित ठेवून रुजू होत आहे’ असं पत्र देऊन, पोच घेऊन रुजू व्हा. त्याने अर्ज बाद होत नाही.

प्रश्न : बदली आमदारांच्या पत्रावरून झाली. एवढं पुरेल?

उत्तर : नुसतं पत्र पुरत नाही. अधिकाऱ्याने स्वतः विचार न करता पत्राबरहुकूम सही केली, हे नस्तीतून दिसावं लागतं. आकसाचा आरोप असेल तर त्या व्यक्तीला नावानिशी प्रतिवादी करून तारीखवार प्रसंग लिहा. आणि उलट बाजूने स्वतःसाठी शिफारसपत्र आणू नका. 1979 च्या वर्तणूक नियमांतला नियम 23 तुमच्यावरच उलटेल.

प्रश्न : मी जिल्हा परिषद शिक्षिका आहे. मॅटमध्ये जाऊ?

उत्तर : नाही, मॅट राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी आहे. तुम्हाला उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागेल.