लिफ्ट वापरत नाही, मग रोपचे पैसे का भरायचे?

प्रश्न : आमच्या मल्टीत (बहुमजली इमारतीत) 20 फ्लॅट आहेत, 12 फ्लॅट 900 चौरस फुटांचे, 8 फ्लॅट 1350 चे. लिफ्टचे रोप (तिला ओढणारे तारेचे दोर) बदलायला समितीनं 2,16,000 रुपये गोळा करायचं ठरवलं आहे. आम्ही तळमजल्यावर राहतो, लिफ्टशी आमचा संबंधच नाही. तरी 9,000 रुपये भरायचे?
– एक वाचक, राजेंद्रनगर, इंदूर

उत्तर : भरायचे. रजिस्ट्री (फ्लॅटचं खरेदीखत) काढून बघा. जिना, गच्ची, टाकी, लिफ्ट या सगळ्यांत तुमचा अविभक्त हिस्सा आहे आणि खर्चही त्याच हिश्श्यानं अंगावर येतो. मध्यप्रदेशात यासाठी प्रकोष्ठ स्वामित्व अधिनियम, 2000 आहे. ‘वापरत नाही’ म्हटल्यानं हिस्सा सुटत नाही. मालक पुण्याला आणि फ्लॅटला कुलूप, तरीही नाही.

आकडाही बरोबर आहे. एकूण क्षेत्रफळ 21,600 फूट, म्हणजे फुटाला 10 रुपये. ‘सगळ्यांना सारखे’ म्हणून भांडाल तर वाट्याला 10,800 येतील! मल्टीच्या नोंदलेल्या उपविधींत (अंतर्गत नियमांत) वेगळी पद्धत असेल, तर मात्र तीच चालेल.

शिवाय उद्याचा विचार करा. ड्रेनेजची मुख्य लाइन तुंबली की घाण पाणी आधी तळमजल्याच्या नहाणीतून वर येतं. तिसऱ्या मजल्याला पत्ताही नसतो. ‘ज्याला त्रास, त्याचा खर्च’ हा नियम लावला, तर सर्वांत महागात तुम्हालाच पडेल.

भांडायचंच तर कोटेशनवर भांडा. रोप किती, किती मिलिमीटरचे, प्रत्येकी किती मीटर, हे त्यात लिहिलेलं हवं. सगळे रोप एकदम बदलावे लागतात. एखादाच नवा घातला तर ताण सारखा राहत नाही. मोटरजवळच्या पुलीच्या खाचा मिस्त्रीकडून तपासून घ्या. खाचा झिजलेल्या असतील तर नवे रोपही लवकर खराब होतात, आणि वर्षा-दोन वर्षांत समिती पुन्हा दारात उभी. लिफ्टच्या देखभालीच्या वार्षिक करारात रोपचा खर्च धरला आहे का, हेही वाचा. पुष्कळ ठिकाणी कराराचा कागद कपाटातून बाहेरच येत नाही.

प्रश्न : आम्ही सर्वांत वरच्या मजल्यावर आहोत. पावसाळ्यात छत गळतं. समिती म्हणते, तुमचं छत, तुम्ही बघा.
– एक वाचक, सुदामानगर, इंदूर

उत्तर : तुमचं छत म्हणजे मल्टीची गच्ची. गच्ची सामायिक असेल तर खर्च सगळ्यांचा. तिथे तुम्ही स्वतः डिश किंवा सोलरच्या स्टँडसाठी भोकं पाडली असतील, तर तेवढी दुरुस्ती तुमची.

आधी गळती कुठली ते ठरवा. टाकीचा ओव्हरफ्लो त्याच कोपऱ्यात पडतो का, ते बघा. मग गच्चीच्या पाइपांची तोंडं बंद करून, कडेला सिमेंट-वाळूच्या मसाल्याची पाळ घालून 25 मिलिमीटर पाणी 48 तास साठवा. खाली ओलीच्या कडेनं पेन्सिलीची रेघ मारून ठेवा. डाग रेघेबाहेर सरकला की जागा सापडली. उन्हाळ्यात टँकरचं पाणी गच्चीवर ओतणं जिवावर येतं, म्हणून एकेक भाग घेत चला. पुष्कळदा मधला स्लॅब चांगला निघतो. फुटलेला असतो तो पॅरापेटच्या (गच्चीच्या कठड्याच्या) बुडाचा गोला, म्हणजे कोपऱ्यातली सिमेंटची गोलाई, नाहीतर पाइपाभोवतीचा सांधा. सबंध गच्चीचं कोटेशन त्याआधी घेऊ नका. काम मे महिन्यातच उरका, ओल्या पृष्ठभागावर लेप धरत नाही.