फोन भरलाय? फोटोंना शेवटी हात लावा

सांगलीतल्या माझ्या दुकानात रोज कुणी ना कुणी फोन पुढे करतं आणि म्हणतं, ‘मेमरी फुल्ल झालीय, फॉरमॅट मारा.’ मी लगेच फॉरमॅट मारत नाही. आधी विचारतो, ‘यातलं काय गेलं तर तुम्हाला वाईट वाटेल?’ बहुतेकांनी हा विचार केलेलाच नसतो. या वेळच्या टपालातही जागेचेच प्रश्न जास्त आहेत, म्हणून हे सदर त्यांच्यासाठीच ठेवलं आहे.

प्रश्न : माझा फोन ६४ जीबीचा आहे. ‘जागा अपुरी आहे’ असा संदेश सारखा येतो, कुणी पाठवलेला फोटोही उघडत नाही. भाचा म्हणतो, व्हॉट्सॲप काढून टाक आणि परत घे, सगळं मोकळं होईल. पण माझे यजमान दोन वर्षांपूर्वी गेले. त्यांनी पाठवलेले आवाजातले निरोप त्यात आहेत. ते जातील का?
— निवृत्त शिक्षिका, वाई

उत्तर : बाई, भाच्याला आधी थांबवा. व्हॉट्सॲप काढून परत घेतलं तर बॅकअपमध्ये, म्हणजे खात्यावर जपून ठेवलेल्या प्रतीत, जे असेल तेवढंच परत येतं. बॅकअप शेवटचा कधी झाला, कुठल्या खात्यावर झाला, हे पाहिल्याशिवाय ते काढायचं नाही. फोटो किंवा आवाजाचा निरोप एकदा तुमच्या फोनवर उतरला की कंपनीकडे त्याची प्रत राहत नाही. फोनमधून गेला आणि बॅकअपमध्येही नसला, तर तो कायमचा गेला.

तेव्हा पहिलं काम यजमानांचा आवाज दुसऱ्या ठिकाणी ठेवण्याचं. त्यांचं चॅट उघडा, निरोपावर बोट दाबून धरा, वरचं शेअरचं चिन्ह दाबा आणि तो गूगल ड्राइव्हवर किंवा स्वतःच्याच ईमेलवर पाठवा. निरोप पुष्कळ असतील तर भाच्याला कामाला लावा. त्याला सांगा, फोनमधल्या ‘फाइल्स’ ॲपमध्ये अँड्रॉइड, मग मीडिया, मग व्हॉट्सॲपचा फोल्डर, त्यात पुन्हा मीडिया आणि शेवटी ‘व्हॉट्सॲप व्हॉइस नोट्स’. तिथे आकड्यांच्या नावाचे फोल्डर दिसतील. २०२२१४ म्हणजे २०२२ सालचा चौदावा आठवडा. फाइलच्या नावातही तारीख असते, त्यामुळे शोधायला सोपं जातं. त्या फोल्डरमध्ये सगळ्यांचेच निरोप एकत्र असतात, म्हणून निवडत न बसता अख्खा फोल्डर संगणकावर किंवा पेनड्राइव्हवर उतरवून घ्यावा. उतरवल्यावर दोन-चार निरोप तिथूनच वाजवून ऐका. तिथे आवाज आला की मगच पुढचं काम.

आता जागेचं. व्हॉट्सॲपच्या सेटिंग्जमध्ये ‘स्टोरेज अँड डेटा’ आणि त्यात ‘मॅनेज स्टोरेज’ आहे. (फोनची भाषा मराठी असेल तर नाव थोडं वेगळं दिसेल, जागा तीच.) तिथे वर दोन ढीग दिसतात, एक ५ एमबीहून मोठ्या फाइलींचा आणि दुसरा अनेकदा फॉरवर्ड झालेल्या गोष्टींचा. दुसऱ्या ढिगापासून सुरुवात करा. सुप्रभातची फुलं, एकादशीचे विठ्ठल, कुणीतरी कुणाला पाठवलेला आरोग्याचा सल्ला, हे सगळं तिथे सापडेल. देवाचं चित्र पुसायला अनेकांचा हात धजत नाही. ते मी समजू शकतो. आवडलेलं एखादं ठेवा, पण तेच चित्र पाच ग्रूपवरून पाच वेळा आलेलं असतं, त्याच्या बाकीच्या प्रती काढायला हरकत नसावी. ही अडचण देशभरातली आहे. गूगलने डिसेंबर २०१७ मध्ये ‘फाइल्स गो’ नावाचं ॲप आणलं, आजचं ‘फाइल्स’ ते हेच. भारतातले फोन कशाने भरतात याचा माग काढताना त्यांनाही सुप्रभातच्या चित्रांचे ढीग सापडले होते.

मग मोठ्या फाइली पाहा. त्याखाली कुठल्या चॅटने किती जागा घेतली याची उतरत्या क्रमाने यादी असते. सोसायटीचा ग्रूप, माजी विद्यार्थ्यांचा ग्रूप, भजनी मंडळ यांतले व्हिडिओ काढले की पुष्कळ जागा सुटते. लक्षात असू द्या, इथून काढलेलं परत मिळवायला व्हॉट्सॲपमध्ये कचरापेटी नाही. म्हणून यजमानांच्या चॅटमध्ये शिरूच नका.

शेवटी ‘मीडिया ऑटो-डाउनलोड’मध्ये मोबाइल डेटा आणि वाय-फाय दोन्हींसमोरच्या खुणा काढा. मग आवाजाचे निरोप सोडले तर तुम्ही बोट लावाल तेवढंच फोनमध्ये उतरेल. ‘मीडिया व्हिजिबिलिटी’ बंद करून जागा वाचते असं पुष्कळ जण सांगतात. तसं नाही. त्याने नवीन फोटो गॅलरीत दिसत नाहीत एवढंच, जागा ते घेतातच.

आणि बाई, ६४ जीबीपैकी १५-२० जीबी फोन स्वतःच्या यंत्रणेसाठीच वापरतो. उरलेल्यातही सहा-सात जीबी कायम मोकळी असावी. ती नसली की फोन रेंगाळतो आणि अपडेटही घेत नाही.

प्रश्न : फोटो गूगल फोटोजमध्ये गेलेत, असं पाहून मी गॅलरीतून फोटो निवडले आणि डिलीट केले. पहिली गोष्ट, जागा तेवढीच दिसते. दुसरी, आता ते फोटो गूगल फोटोजमध्येही दिसत नाहीत. बहिणीच्या लग्नाचे आहेत. काय करू?
— एक वाचक, चिंचवड

उत्तर : हे वाचताच गूगल फोटोज उघडा, ‘ट्रॅश’मध्ये जा आणि फोटो ‘रिस्टोअर’ करा. बॅकअप झालेले फोटो तिथे ६० दिवस राहतात, न झालेले ३० दिवस. फोनच्या स्वतःच्या गॅलरीलाही वेगळी कचरापेटी असते, तीही पाहा. लग्नाचे फोटो दोहोंपैकी एका ठिकाणी सापडण्याची चांगली शक्यता आहे.

जागा का सुटली नाही, याचं उत्तरही त्या पेटीतच आहे. पुसलेला फोटो पेटीत जाऊन पडतो आणि पेटी रिकामी होईपर्यंत जागा अडवूनच ठेवतो. आयफोनमध्येही ‘रीसेंटली डिलीटेड’ असंच चालतं. मात्र तुम्ही पेटी आत्ता रिकामी करू नका, आधी फोटो परत आणा.

गूगल फोटोजमध्ये दोन वेगळ्या क्रिया आहेत आणि त्यांच्या गोंधळात लोकांचे फोटो जातात. बॅकअप झालेला फोटो तुम्ही साध्या ‘डिलीट’ने काढलात तर तो फोनमधून आणि खात्यातून, दोन्हींकडून जातो. तुम्हाला हवं होतं ते ‘फ्री अप स्पेस’. वर उजवीकडे तुमच्या खात्याचं चित्र असतं, ते दाबलं की मिळेल. तो पर्याय बॅकअप झालेले फोटो तपासतो आणि फक्त फोनमधली प्रत काढतो. खात्यातली राहते. माझ्या मते ही दोन नावं प्रत्येक घरात एकाला तरी नीट माहीत असायला हवीत.

खात्यातली जागाही अमर्याद नाही. फुकटची १५ जीबी जीमेल, ड्राइव्ह आणि फोटो मिळून आहे. १ जून २०२१ पासून कमी दर्जाचे फोटोही त्यात मोजले जातात आणि अँड्रॉइडवरच्या व्हॉट्सॲपचा बॅकअपही आता त्यातच धरतात. ती भरली की बॅकअप थांबतो आणि जीमेलवर नवीन मेल येईनासे होतात. नोकरीचा किंवा बँकेचा मेल यायचा असेल तर हे फार महाग पडतं. ड्राइव्हमध्ये फाइली आकारानुसार लावून पाहता येतात, जुने मोठे व्हिडिओ तिथूनच काढा.

प्रश्न : मी अंगणवाडी सेविका आहे. कामाच्या ॲपवर रोज नोंदी भरते, फोटोही काढावे लागतात. फोन ३२ जीबीचा आहे. ॲप अडकतं. ‘डेटा क्लिअर कर’ असा सल्ला मिळालाय. करू का?
— एक सेविका, जव्हार तालुका

उत्तर : ताई, नको. ॲपच्या माहितीत ‘स्टोरेज’खाली दोन बटणं असतात. ‘क्लिअर कॅश’ दाबायला भीती नाही, तात्पुरत्या फाइली जातात आणि ॲप त्या पुन्हा तयार करतं. ‘क्लिअर डेटा’ किंवा ‘क्लिअर स्टोरेज’ दाबलं तर ॲप कोरं होतं. रेंज नसताना भरलेल्या आणि अजून वर न गेलेल्या नोंदी असतील तर त्याही जातील आणि लॉगिन पुन्हा करावं लागेल. डोंगरातल्या पाड्यांवर रेंजचे हाल असतात, त्यामुळे तुमच्या बाबतीत हा धोका मोठा आहे. तुमची मेहनत एका बटणाने पुसली जाऊ नये असं मला मनापासून वाटतं. सगळं वर गेल्याची खात्री झाल्यावर आणि पर्यवेक्षिका ताईंशी बोलूनच त्या बटणाचा विचार करा.

फोटोंसाठी टाइप-सीचा पेनड्राइव्ह घ्या, तो थेट फोनला लागतो. फोनचं चार्जिंगचं भोक जुन्या पद्धतीचं असेल तर छोटा ओटीजी जोड दुकानात मिळतो. आठवड्यातून एकदा जुने फोटो त्यावर न्या, उघडून पाहा, मग फोनमधले काढा. कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये फोटोचा आकारही कमी करता येतो, नोंदीसाठी तेवढा पुरतो. त्या फोटोंत लहान मुलं आणि बाया आहेत, म्हणून तो पेनड्राइव्ह घरात इतरांच्या हाती देऊ नका.

प्रश्न : एमपीएससीची तयारी करतोय. टेलिग्रामवरच्या पीडीएफ आणि लेक्चरनी फोन भरलाय. काय ठेवू, काय काढू?
— एक विद्यार्थी, पुणे

उत्तर : तुझं काम सोपं आहे. टेलिग्राममधल्या फाइली त्यांच्या सर्व्हरवर राहतात. सेटिंग्ज, ‘डेटा अँड स्टोरेज’, ‘स्टोरेज युसेज’ असं जा आणि कॅश साफ कर. लागेल ती फाइल पुन्हा उतरवता येते. अपवाद एकच. चॅनलवाल्याने ती काढून टाकली असेल तर मिळणार नाही, म्हणून रोजच्या वाचनातल्या पीडीएफ आधी ड्राइव्हवर टाक. तिथेच उतरवलेल्या फाइली फोनमध्ये किती दिवस ठेवायच्या हा पर्याय आहे, तो एका आठवड्यावर ठेव. शिवाय डाउनलोड्सचा फोल्डर बघ. हॉल तिकीट किंवा आधारची पीडीएफ दर वेळी नव्याने उतरवली जाते, शेवटी कंसात १, २, ३ असे आकडे असलेल्या प्रती साचतात. एक ठेव, बाकीच्या काढ.

प्रश्न : क्लीनर ॲप घ्यावं की मेमरी कार्ड?
— एक वाचक, मालवण

उत्तर : क्लीनर ॲप घेऊ नका. ते करतं ते सगळं फोनमधलं ‘फाइल्स’ही करतं, आणि अनोळखी ॲपला तुमच्या सगळ्या फाइली बघायची परवानगी द्यायची गरज उरत नाही.

कार्डाची खाच असेल तर कार्ड जरूर घ्या, पण अपेक्षा नेमकी ठेवा. व्हॉट्सॲप आपल्या फाइली फोनमध्येच ठेवतं, त्या कार्डावर नेऊन ठेवल्या तर चॅटमधून उघडणार नाहीत. कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये मात्र ‘एसडी कार्ड’ निवडता येतं, मग फोटो आणि व्हिडिओ तिकडेच साठतात. कार्ड घातल्यावर काही फोन विचारतात, ‘पोर्टेबल’ की ‘इंटर्नल’? पोर्टेबल निवडा. इंटर्नल केलेलं कार्ड त्याच फोनशी बांधलं जातं. फोन मेला तर ते दुसरीकडे वाचता येत नाही.

फार स्वस्तात ५१२ जीबी म्हणून विकलं जाणारं कार्ड बहुधा बनावट असतं. त्यात खरी जागा थोडीच असते, ती भरली की पुढच्या फाइली खराब होतात किंवा जुन्यांवर लिहिल्या जातात, आणि हे कळायला महिने लागतात. बिल घ्या. संगणक असेल तर ‘एच२टेस्टडब्ल्यू’ या मोफत प्रोग्रॅमने कार्ड पूर्ण भरून तपासता येतं. मोठ्या कार्डाला काही तास लागतात, तेवढे लागू द्या. त्यानंतरच फोटो त्यावर हलवा.