‘सेव्हन सामुराई’तला तो मुंडण केलेला सामुराई कोण?

प्रश्न : परवा ‘सेव्हन सामुराई’ बघितला. सुरुवातीला ओलीस धरलेल्या पोराला सोडवायला डोक्याचं मुंडण करून भिक्षूचा वेष घेतो तो वयस्कर सामुराई कोण हो? आधी कुठेतरी बघितल्यासारखा वाटतो पण काही केल्या आठवत नाहीये. (सांगली)

त्यांचं नाव ताकाशी शिमुरा, ‘सेव्हन सामुराई’ करणारे जपानी दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांचे नेहमीचे नट. आणि तुम्हाला वाटतंय ते खरं असणार, कारण ‘राशोमोन’मधला लाकूडतोड्या तेच आणि पहिल्या ‘गॉडझिला’तले शास्त्रज्ञ डॉक्टर यामाने पण तेच. ‘गॉडझिला’ आणि ‘सेव्हन सामुराई’ दोन्ही १९५४ चे, म्हणजे एकाच वर्षात हा माणूस एकीकडे गाव वाचवायला सात जणांची जुळवाजुळव करतोय आणि दुसरीकडे त्या अजस्त्र प्राण्याला मारू नका, आधी त्याचा अभ्यास करा म्हणून जीव तोडून सांगतोय. दोन्ही सिनेमे पाठोपाठ बघा, चालणं, बसणं, बोलायच्या आधी थांबणं, सगळंच बदललेलं दिसेल. ‘सेव्हन सामुराई’त तो विचार करताना टकलावरून हात फिरवतो ना, ती एवढीशी लकब, पण मला तर त्या सिनेमातल्या लढायांपेक्षा तीच जास्त आठवते.

प्रश्न : कुरोसावा म्हटलं की सगळे तोशिरो मिफुने या नटाचंच नाव घेतात. मग शिमुरा साइड अ‍ॅक्टर होते का? (पुणे)

अजिबात नाही, आणि हा गैरसमज ऐकला की मला खरंच वाईट वाटतं. अकिरा कुरोसावांनी एकूण ३० सिनेमे केले, त्यातल्या २१ मध्ये शिमुरा आहेत, मिफुने १६ मध्ये. १९४३ च्या कुरोसावांच्या पहिल्या सिनेमापासून १९८० च्या ‘कागेमुशा’पर्यंत. मिफुने म्हणजे वीज, पडद्यावर आला की नजर तिकडेच जाणार, त्याबद्दल वादच नाही. पण ‘ड्रंकन एंजल’ (१९४८) मध्ये मिफुनेचा टीबी झालेला गुंड जेवढा चटका लावतो तेवढाच त्याच्यावर ओरडणारा, शिव्या घालणारा, स्वतः दारूत बुडालेला आणि तरी त्याला बरं करायचंच असा हट्ट धरून बसलेला डॉक्टरही लावतो, तो शिमुरांचा. ‘स्ट्रे डॉग’मध्ये तेच शांत, मुरलेले डिटेक्टिव्ह. आणि ‘स्कँडल’ (१९५०) मध्ये चक्क लाच खाणारा, दुबळा वकील, घरी पोरगी आजारी आणि हा स्वतःच्याच नजरेतून उतरलेला. एवढा लाचार माणूस करायचा आणि तरी प्रेक्षकाला त्याची कीव यावी, हे फार कमी जणांना जमतं.

प्रश्न : सिनेमात यायच्या आधी ते काय करायचे? (नाशिक)

जन्म १२ मार्च १९०५, ह्योगो प्रांतातलं इकुनो, चांदीच्या खाणीचं गाव. वडील खाणीतच नोकरीला. पुढे ओसाकाला कानसाई विद्यापीठात इंग्रजी साहित्य शिकायला घेतलं, पण घरी पैशाची ओढाताण झाली म्हणून संध्याकाळचे वर्ग आणि दिवसा महापालिकेच्या पाणीपुरवठा खात्यात नोकरी. त्यात नाटकाचा नाद लागला, मित्रांबरोबर नाटकमंडळी काढली, ऑफिसला दांड्या सुरू झाल्या आणि शेवटी नोकरी गेली. नंतर फिरत्या नाटक कंपन्या, १९३४ मध्ये पहिला सिनेमा, १९३६ मध्ये दिग्दर्शक मिझोगुचींच्या ‘ओसाका एलेजी’त डिटेक्टिव्हचा रोल आणि तिथून लोक ओळखायला लागले. १९३९ मध्ये तर एका संगीत सिनेमात ते छान गायलेत सुद्धा, जुन्या वस्तूंच्या वेडापायी घरात पैसा टिकू न देणाऱ्या, छत्र्या बनवणाऱ्या बापाचा रोल आहे.

हे नोकरीचं मुद्दाम सांगितलं, कारण ‘इकिरु’ (१९५२) मध्ये त्यांनी वातानाबे केला तो महापालिकेतलाच कारकुनी साहेब, जवळजवळ ३० वर्षं एकही रजा न घेतलेला. दांड्यांमुळे पालिकेची नोकरी गमावलेल्या माणसाने कधीच दांडी न मारणारा माणूस उभा केला, आणि असा केला की फाइलींच्या ढिगामागे बसलेलं ते वाकलेलं अंग बघून पोटात तुटतं. पोटाचा कॅन्सर झालाय हे कळल्यावर तो घाण पाण्याच्या डबक्याच्या जागी मुलांसाठी बाग व्हावी म्हणून प्रत्येक खात्याच्या दारात जाऊन उभा राहतो, भांडत नाही, नुसता मान खाली घालून थांबतो. बर्फ पडतंय आणि तो त्या बागेत झोपाळ्यावर बसून गातोय, तो सीन मी कितीदा बघितला असेल! तेव्हा शिमुरा अवघे ४७ वर्षांचे होते. २०२२ मध्ये ‘लिव्हिंग’ नावाने इंग्रजीत रीमेक आला, बिल नाय यांना ऑस्कर नॉमिनेशन मिळालं, चांगलाच आहे, पण आधी मूळ बघा.

प्रश्न : शेवटी शेवटी काम करत होते का? (डोंबिवली)

हो. तब्येत खालावली होती तरी कुरोसावांनी ‘कागेमुशा’त खास त्यांच्यासाठी एक छोटा रोल लिहिला. बाहेरच्या देशांत सिनेमा लागला तेव्हा मात्र तो भाग कापून टाकला होता, त्यामुळे कित्येकांना ते त्यात आहेत हेच माहीत नाही. ११ फेब्रुवारी १९८२ ला टोकियोत ते गेले, फुप्फुसाच्या आजाराने. ‘कागेमुशा’ बघायचा झाला तर पूर्ण लांबीचा, तीन तासांचा शोधून बघा, त्यात ते आहेत.