वाचकांचे प्रश्न : शिकागोच्या ब्राँझव्हिलमधली लष्करी शाळा

प्रश्न : आम्ही नेपरव्हिलला राहतो. मुलगी आठवीत आहे. शिकागो मिलिटरी अकॅडमीत नववीला प्रवेश मिळेल का? फी किती?

उत्तर : सध्याच्या पत्त्यावरून नाही. ही शाळा शिकागो पब्लिक स्कूल्सची, म्हणजे शहराची आहे, आणि ती शहराच्या हद्दीत राहणाऱ्या मुलांसाठी आहे. नेपरव्हिल, शॉमबर्ग, ऑरोरा ही गावं बोलताना आपण सर्रास 'शिकागो' म्हणतो, पण त्यांचे शाळा-जिल्हे, म्हणजे सरकारी शाळा चालवणाऱ्या स्थानिक संस्था, वेगळे. आपल्याकडच्या बऱ्याच कुटुंबांचा बेत इथेच अडतो. शहरात राहायला येणार असाल तर आठवीचं वर्ष सुरू होताच 'गो-सीपीएस' या पोर्टलवर अर्ज करायचा. त्या वर्षीची मुदत आणि निकष तिथेच पाहा, कारण ते बदलतात. नाव दाखल करताना शहरातल्या पत्त्याचा पुरावा लागतो. सार्वजनिक शाळा असल्यामुळे शिकवणी फी नाही. वसतिगृहही नाही, मुलं संध्याकाळी घरी येतात. साताऱ्याच्या सैनिक स्कूलसारखी निवासी शाळा डोळ्यांसमोर असेल तर ती कल्पना बाजूला ठेवावी लागेल.

प्रश्न : इथे शिकलेल्या मुलाला पुढे सैन्यात जावंच लागतं का?

उत्तर : नाही. शाळेत नेहमीच्या विषयांबरोबर 'ज्युनियर आरओटीसी' हा अमेरिकन सैन्याचा चार वर्षांचा अभ्यासक्रम असतो. तो शिकवतात निवृत्त अधिकारी आणि सुभेदार-हवालदार दर्जाचे लोक. त्यात कवायत येते, तसंच नकाशावाचन, प्रथमोपचार आणि गटाचं नेतृत्वही येतं. कुठेही भरतीचा करार नसतो. स्वेच्छेने भरती झालाच, तर दोन वर्षं पूर्ण केलेल्याला सर्वांत खालच्या ई-१ ऐवजी ई-२ आणि तीन वर्षं केलेल्याला ई-३ या वेतनश्रेणीतून सुरुवात करता येते.

एक गोष्ट मात्र आधीच समजून घ्या. वेस्ट पॉइंट या लष्करी अधिकारी घडवणाऱ्या संस्थेसाठी किंवा कॉलेजातल्या आरओटीसी या अधिकारी-प्रशिक्षणाच्या शिष्यवृत्तीसाठी अमेरिकन नागरिकत्व लागतं. एच-४ व्हिसावरच्या, म्हणजे पालकांच्या नोकरीच्या व्हिसावर अवलंबून असलेल्या मुलाला ही स्वप्नं दाखवून नंतर माघार घ्यायला लावणं फार वाईट.

प्रश्न : इमारत ऐतिहासिक आहे म्हणतात. नेमकं काय घडलं तिथे?

उत्तर : हे तर आम्ही प्रवेशाआधी प्रत्येक मुलाला सांगू. ही इमारत १९१४-१५ मध्ये इलिनॉय नॅशनल गार्डच्या, म्हणजे राज्याच्या राखीव सैन्याच्या आठव्या पायदळ रेजिमेंटसाठी बांधली. शस्त्रं ठेवायला कोठारं, कवायतीला मोठं सभागृह. अमेरिकेत कृष्णवर्णीय रेजिमेंटसाठी बांधलेली ही पहिलीच आर्मरी. त्या काळी अमेरिकन सैन्यात वर्णभेद होता. पहिल्या महायुद्धात ही रेजिमेंट '३७० वी पायदळ' या नावाने फ्रान्सला गेली, तेव्हा तिला फ्रेंच सैन्याच्या हाताखाली दिलं गेलं. फ्रेंच रायफली आणि फ्रेंच शिरस्त्राणं घेऊन हे जवान लढले. त्यांचे कर्नल फ्रँकलिन डेनिसन स्वतः कृष्णवर्णीय होते. १९१८ च्या जुलैत त्यांना हटवून गोऱ्या अधिकाऱ्याकडे सूत्रं दिली गेली. लढणाऱ्यांच्या वाट्याला आलेला हा अन्याय शाळेच्या भिंतींइतकाच या इतिहासाचा भाग आहे.

पुढे वास्तू पडीक झाली. १९९८ मध्ये शहराने तिला वारसास्थळाचा दर्जा दिला आणि १९९९ मध्ये दुरुस्तीनंतर तिथे शाळा सुरू झाली.

प्रश्न : गणवेशाच्या तपासणीत मुलाचे गुण हमखास जातात. काय चुकतं?

उत्तर : बहुधा 'गिग लाइन'. शर्टाच्या बटणपट्टीची कड, बकलची कड आणि पँटच्या चेनवरची पट्टी या तिन्ही एका सरळ रेषेत हव्यात. बसलं-उठलं की शर्ट सुटतो आणि रेषा मोडते. उपाय असा : शर्ट खोचताना दोन्ही बाजूंची शिवण चिमटीत धरून जादा कापड मागे दुमडायचं, ती घडी पँटमध्ये दाबायची आणि मग पट्टा आवळायचा. रांगेत उभं राहण्यापूर्वी पुन्हा एकदा पाहायचं.

रिबनी, म्हणजे सन्मानाच्या छोट्या रंगीत पट्ट्या, डाव्या खिशाच्या वर, एक अष्टमांश इंच सोडून लावतात. सर्वांत मानाची रिबन वरच्या ओळीत, घालणाऱ्याच्या उजव्या हाताकडे. आरशात पाहून लावल्या की क्रम उलटा होतो. कोट टेबलावर पसरून लावाव्यात.

कातडी बुटांना पॉलिशचा जाड थर देऊ नका, चालताना घडीवर तडे जातात. बोटाला सुती कापड गुंडाळायचं, त्यावर किंचित पॉलिश आणि पाण्याचा एक थेंब घेऊन छोटी वर्तुळं काढायची. थर पातळ, पण अनेक. कृत्रिम चकचकीत बुटांना पॉलिश लावूच नये, ओलं फडकं पुरे.

प्रश्न : परेडमध्ये मुलं चक्कर येऊन पडतात, ती का?

उत्तर : सावधान उभं असताना गुडघे मागे ताठ अडकवल्यामुळे. पोटऱ्यांचे स्नायू हालत नाहीत, रक्त पायांत साचतं, मेंदूकडे कमी जातं. गुडघे किंचित सैल ठेवायचे आणि बुटांत बोटं हलवत राहायचं. सकाळी पोटभर नाश्ता आणि पाणी हवंच. डोळ्यांपुढे अंधारी आली तर लाज न बाळगता खाली बसावं.

प्रश्न : इमारत बाहेरून बघायची तर कसं जावं?

उत्तर : शहर रेल्वेच्या ग्रीन लाइनवरच्या '३५ वा रस्ता-ब्राँझव्हिल-आयआयटी' स्थानकावर उतरा आणि ३५ व्या रस्त्याने पूर्वेकडे चालत जा. काही चौकांनंतर गाइल्स अव्हेन्यू लागतो. महायुद्धात धारातीर्थी पडलेल्या या रेजिमेंटच्या लेफ्टनंट जॉर्ज गाइल्स यांचं नाव या रस्त्याला आहे. तिथून थोडं पुढे किंग ड्राइव्हवर रेजिमेंटचं विजयस्मारक आहे. तेही पाहूनच परत फिरा. शाळेच्या वेळेत आत जायचं असेल तर आधी कार्यालयाला फोन करून परवानगी घ्यावी.