काना-मात्राही न बदलता

तुमचे प्रश्न दोन आहेत. जपानच्या घटनेच्या नवव्या कलमात ‘सैन्य बाळगणार नाही’ असं लिहिलेलं असताना जपान संरक्षणखर्च दुप्पट करतो, लांब पल्ल्याची क्षेपणास्त्रं घेतो, तर मग घटना बदलली कधी? आणि लोकशाही असूनही एकच पक्ष तिथे वर्षानुवर्षं सत्तेत कसा?

पहिल्याचं उत्तर: कधीच नाही. ३ मे १९४७ ला लागू झालेल्या त्या घटनेत आजवर एका अक्षराचीही दुरुस्ती झालेली नाही. शंभरावर घटनादुरुस्त्या पाहिलेल्या आपल्यासारख्यांना हे पटायला जड जातं. तिथे मजकूर हलत नाही, त्याचा अर्थ हलतो. गेल्या पाऊणशे वर्षांतलं जपानी राजकारण आणि परराष्ट्र धोरण समजून घ्यायचं तर पंतप्रधानांची यादी पाठ करण्यापेक्षा हे अर्थ कोणी, कधी आणि कशासाठी सरकवले ते बघावं, असं माझं मत आहे.

मी पुण्यात जपानी शिकलो आणि पंचवीसेक वर्षं भाषांतरावर पोट भरतोय, त्यामुळे शब्दांवरूनच सांगतो. सुरुवातीला एका वयस्कर जपानी सल्लागाराचा बायोडेटा माझ्याकडे आला होता. त्यात ‘फुत्सूका’ असा उल्लेख होता. जपानी हायस्कुलात सर्वसाधारण शाखेला फुत्सूका म्हणतात, म्हणून मी बिनधास्त ‘सामान्य शाखेत शिक्षण’ लिहून टाकलं. गृहस्थ प्रत्यक्षात पायदळात होते! पायदळाला तिथे पायदळ म्हणत नाहीत, ‘सामान्य शाखा’ म्हणतात. तोफखाना म्हणजे ‘विशेष शाखा’. सुरुवातीच्या काळात तर रणगाड्यांना अधिकृतपणे ‘विशेष वाहन’ म्हणत. घटनेत सैन्य नाही, मग सैन्याचे शब्द तरी कसे असतील?

आता या प्रकाराची सुरुवात. युद्ध हरलेला जपान तेव्हा अमेरिकेच्या ताब्यात होता. फेब्रुवारी १९४६ मध्ये तिथला कारभार बघणारे अमेरिकन जनरल मॅकआर्थर यांच्या कार्यालयातल्या अधिकाऱ्यांनी साधारण आठवडाभरात घटनेचा मसुदा लिहून काढला. नवव्या कलमाचं पहिलं वाक्य युद्धाचा हक्क सोडतं आणि दुसरं म्हणतं की भूदल, नौदल, हवाई दल ‘व इतर युद्धक्षमता’ बाळगली जाणार नाही. संसदेत चर्चा चालू असताना हितोशी आशिदा यांच्या समितीने दुसऱ्या वाक्याच्या सुरुवातीला ‘वरील हेतू साध्य करण्यासाठी’ एवढे शब्द घातले. म्हणजे वरील हेतूसाठी नाही, पण दुसऱ्या हेतूसाठी चालेल, अशी पळवाट काही पंडितांनी पुढे त्यातून काढली. सरकारने मात्र अधिकृतपणे हा मार्ग घेतला नाही. त्यांनी ‘युद्धक्षमता’ याच शब्दाला हात घातला: स्वसंरक्षणाला लागेल तेवढं किमान बळ म्हणजे युद्धक्षमता नव्हे.

याची गरज लगेचच पडली. २५ जून १९५० ला कोरियात युद्ध पेटलं. जपानमधलं अमेरिकन सैन्य तिकडे जाऊ लागलं आणि मॅकआर्थरने ८ जुलैला पंतप्रधान शिगेरू योशिदांना पत्र लिहून ७५,००० जणांचं ‘राखीव पोलीस दल’ उभारायला सांगितलं. चार वर्षांपूर्वी ज्या कार्यालयाने ‘सैन्य नको’ लिहून दिलं, त्याच कार्यालयातून हे पत्र आलं. १९५४ मध्ये त्याच दलाचं ‘स्वसंरक्षण दल’ झालं, ते आजतागायत.

योशिदा हा फार धूर्त माणूस. ते अमेरिकेच्या ताटाखालचं मांजर होते असं वाचायला मिळतं, मला ते अर्धवट वाटतं. १९५१ मध्ये अमेरिकेचे दूत डलेस ‘मोठं सैन्य उभारा’ म्हणून मागे लागले होते, तेव्हा योशिदांनी तुमच्याच घटनेचं कलम आडवं धरलं. देश भिकेला लागलाय, लोक युद्धाला विटलेत, शेजारी बिथरतील, अशी कारणं पुढे केली. तळ तुम्हाला, संरक्षण तुमच्याकडून, आम्ही कारखाने उभारतो, असा हा व्यवहार. ८ सप्टेंबर १९५१ ला सॅन फ्रान्सिस्कोत शांतता करार झाला आणि त्याच दिवशी योशिदांनी अमेरिकेशी सुरक्षा करारही केला. (भारत त्या परिषदेला गेलाच नाही. आपण जून १९५२ मध्ये जपानशी वेगळा करार केला आणि युद्धाची भरपाई मागितली नाही. जुन्या पिढीतले जपानी लोक याची आठवण काढतात.) पुढे व्हिएतनाममध्ये दक्षिण कोरियाने फौजा पाठवल्या, जपानने एक तुकडी पाठवली नाही, हे त्याच व्यवहाराचं फळ. ओकिनावातले अमेरिकन तळ मात्र त्या युद्धात अहोरात्र राबत होते, आणि ओकिनावाला तेव्हा कोणी विचारलंही नाही. १९७२ मध्ये बेट परत मिळालं, तळ राहिलेच.

मजकूर तोच ठेवून राज्य बदलण्याची ही सवय युद्धानंतरची नाही. १८८९ च्या मेइजी घटनेतही १९४६ पर्यंत बदल झाला नव्हता. तिच्या ११ व्या कलमात सम्राट सैन्याचा सर्वोच्च सेनापती आहे, एवढंच होतं. सैन्याने त्याचा अर्थ लावला की सेनेच्या कारभारात मंत्रिमंडळाने लुडबुड करायची नाही. १९३० मध्ये युद्धनौकांवर मर्यादा घालणाऱ्या लंडनच्या नौदल करारात जपानला अमेरिकेच्या तुलनेत ७० टक्के टनभार हवा होता. एकूण ६९.७५ मिळाला, पण जड क्रूझरमध्ये साठच्या आसपासच. नौदल खवळलं. ‘सरकारने सम्राटाच्या सेनाधिकारावर अतिक्रमण केलं’ असा ओरडा झाला, आणि त्यात आवाज मिसळले विरोधी पक्षाच्या त्सुयोशी इनुकाई आणि इचिरो हातोयामा यांनी! पंतप्रधान हामागुचींना त्याच नोव्हेंबरात तोक्यो स्टेशनवर गोळी घातली गेली, पुढल्या वर्षी ते गेले. १५ मे १९३२ ला नौदलाच्या तरुण अधिकाऱ्यांनी इनुकाईंना पंतप्रधान निवासात घुसून मारलं. तोपर्यंत पंतप्रधान तेच झाले होते.

तोक्यो स्टेशनच्या फरशीत हामागुचींच्या जागी एक खूण आहे. १९२१ मध्ये तिथेच भोसकले गेलेले पंतप्रधान हारा यांचीही वेगळी आहे. मी पहिल्यांदा शोधायला गेलो तेव्हा हारांच्या खुणेच्या अगदी जवळ तिकिटांच्या यंत्रापुढे रांग लागली होती, आणि मी वाकून फरशीकडे का बघतोय म्हणून एका बाईंनी माझं काही हरवलंय का, असं विचारलं.

हातोयामा मात्र वाचले. १९५५ मध्ये लिबरल आणि डेमोक्रॅटिक हे दोन पक्ष एकत्र होऊन लिबरल डेमोक्रॅटिक पक्ष झाला, त्याचे पहिले अध्यक्ष तेच. इथून तुमचा दुसरा प्रश्न सुरू होतो. हा पक्ष १९९३-९४ चे काही महिने आणि २००९ ते २०१२ सोडून सतत सत्तेत आहे. कारणं पुष्कळ सांगतात. माझ्या मते मोठं कारण मतदारसंघांचं. १९९४ पर्यंत एका मतदारसंघातून बहुधा तीन ते पाच खासदार निवडून जात, आणि मतदाराला मत एकच. बहुमत हवं तर एकाच मतदारसंघात पक्षाचे दोन-तीन उमेदवार हवेत, म्हणजे खरी लढत घरातल्या घरात. पक्षाचं नाव दोघांचंही सारखंच, त्यामुळे लग्न-मयताला हजेरी, गावचा पूल, भाताचा भाव यांवर मत मागायचं. पैसा आणि तिकीट पुरवायला पक्षातला एखादा गट लागायचा. पंतप्रधान या गटांच्या वाटाघाटीत ठरे. लोक एकाला कंटाळले की दुसऱ्या गटाचा माणूस येई आणि सरकार बदलल्यासारखं वाटे. समाजवाद्यांनी तर १९५८ नंतर बहुमताला पुरतील एवढे उमेदवारही उभे केले नाहीत.

पण समाजवाद्यांकडे एक तृतीयांश जागा असायच्या, आणि घटनादुरुस्तीला दोन्ही सभागृहांत दोन तृतीयांश अन् वर सार्वमत लागतं. घटना बदलायची हे लिबरल डेमोक्रॅटांच्या स्थापनेपासूनच्या कार्यक्रमात आहे. दार बंद, म्हणून खिडकी.

दार ढकललं जाईल, म्हणजे घटनाच बदलली जाईल, असा धाक ठळकपणे वाटला तो किशींच्या काळात. नोबुसुके किशी युद्धगुन्हेगारीच्या संशयावरून तुरुंगात राहून आलेले, आणि १९५७ मध्ये पंतप्रधान. (भारतात आलेले पहिले जपानी पंतप्रधान हेच.) त्यांनी अमेरिकेशी सुरक्षा करार सुधारून आणला. तो योशिदांच्या करारापेक्षा जपानला बराच बरा होता, हे आज बहुतेक जण मान्य करतात. पण १९ मे १९६० च्या रात्री पोलिसांकरवी समाजवादी खासदारांना उचलून बाहेर काढून त्यांनी तो संमत करून घेतला. संसदेला लाखोंनी वेढा घातला, १५ जूनला मिचिको कान्बा ही विद्यार्थिनी त्या गर्दीत मेली, आयझेनहॉवरची भेट रद्द झाली, किशी गेले. त्यांच्यामागून आलेल्या इकेदांनी घटनेचं नावच काढलं नाही. दहा वर्षांत उत्पन्न दुप्पट करू, म्हणाले. पुढचे पंतप्रधान हा धडा विसरले नाहीत.

मग तीस वर्षं सगळा खेळ मंत्रिमंडळाच्या ‘विधी विभागा’त चालला. निवडून न आलेल्या, पण शब्दाला पक्क्या अधिकाऱ्यांचं हे छोटं कार्यालय नवव्या कलमाचा अर्थ सांगायचं आणि पंतप्रधानही तो मोडत नसत. सर्वोच्च न्यायालयाने १९५९ मध्येच सुनागावा खटल्यात, अमेरिकेशी झालेल्या सुरक्षा करारासारखा एवढा राजकीय करार उघड-उघड घटनाबाह्य नसेल तर आम्ही त्यात पडत नाही, असं म्हणून अंग काढलं होतं. १९७२ मध्ये सरकारने लेखी मत दिलं: मित्रदेशावर हल्ला झाला तर त्याच्या बाजूने लढण्याचा हक्क जपानला आहे, पण घटनेप्रमाणे तो वापरता येत नाही. या कागदाकडे मी पुन्हा येतो.

शीतयुद्ध संपल्यावर हे सोवळं अडचणीचं झालं. १९९१ च्या आखाती युद्धासाठी जपानने १३ अब्ज डॉलर मोजले, माणूस पाठवला नाही. युद्धानंतर कुवेतने आभाराची जाहिरात दिली, त्यात जपानचं नावच नव्हतं. परराष्ट्र खात्यातल्या लोकांच्या ते किती जिव्हारी लागलं असेल! त्यांच्या पुढच्या पिढीच्या बोलण्यात आजही ती जाहिरात येते. १९९२ मध्ये शांतिसेनेचा कायदा झाला. मतदान लांबवायला समाजवादी खासदार मतपेटीपर्यंत गोगलगाईच्या चालीने गेले, पण तुकडी कंबोडियाला गेलीच. आणि १९९४ मध्ये तडजोडीने समाजवादी तोमिइची मुरायामा पंतप्रधान झाले, तेव्हा स्वसंरक्षण दल घटनाबाह्य आहे असं जन्मभर सांगणाऱ्या पक्षाच्या या नेत्याने, ते घटनेला धरून आहे, असं संसदेत सांगून टाकलं. १९९६ च्या निवडणुकीत त्यांच्या पक्षाला १५ जागा उरल्या.

मग किशींचे नातू, पंतप्रधान शिंझो आबे. २०१३ मध्ये त्यांनी विधी विभागाच्या प्रमुखपदी आतला माणूस न बसवता परराष्ट्र खात्यातून आणला. १ जुलै २०१४ ला मंत्रिमंडळाने नवा अर्थ जाहीर केला, आणि तो काढला १९७२ च्या त्याच कागदातून. त्यात ‘परकीय सशस्त्र हल्ल्यामुळे’ नागरिकांचा जगण्याचा, स्वातंत्र्याचा हक्क मुळापासून उलथला जात असेल तर, असे शब्द आहेत. हल्ला कोणावर, ते लिहिलेलं नाही. जपानीत असं गाळलेलं चालतं, संदर्भाने कळतं. बेचाळीस वर्षं सगळ्यांनी ‘जपानवर’ असं वाचलं. आबे सरकार म्हणालं, जवळच्या देशावर झालेला हल्लाही यात बसतो. जून २०१५ मध्ये संसदेच्या समितीपुढे बोलावलेल्या तिन्ही घटनातज्ज्ञांनी हे घटनाबाह्य आहे म्हणून सांगितलं. त्यातले एक खुद्द सत्ताधाऱ्यांनी बोलावलेले! सप्टेंबरात कायदे झालेच.

आबेंचं धोरण मला सर्वस्वी चूक वाटत नाही. चीनचं नौदल वाढत असताना १९७२ चा कागद छातीशी धरून बसणं सोपं नव्हतं, आणि २००७ मध्ये आपल्या संसदेत त्यांनी दोन समुद्रांच्या संगमाचं जे भाषण केलं त्याचा भारताला फायदाच झाला. माझी तक्रार रस्त्याबद्दल आहे. सार्वमताची तरतूद असून ते एकदाही घेतलेलं नाही. १९३० साली इनुकाईंनी जो अर्थ विरोधकावर उगारला, तो दोन वर्षांत त्यांच्यावरच उलटला.

एकदा खिडकी उघडल्यावर पुढचं वेगात झालं. डिसेंबर २०२२ मध्ये पंतप्रधान फुमिओ किशिदांनी पाच वर्षांत ४३ ट्रिलियन येन आणि २०२७ पर्यंत जीडीपीच्या दोन टक्के खर्च जाहीर केला. तोवर तो सुमारे एक टक्क्यात असे. शत्रूच्या तळावर मारा करण्याची क्षमताही आली, तिचं नाव ‘प्रति-हल्ला क्षमता’.

योकोसुकाला पर्यटकांसाठी बंदर दाखवणारी बोट असते, पाऊण तासाची. त्यात बसून मी ‘इझुमो’ पाहिली. २४८ मीटर लांब, वर सपाट धावपट्टी, तिच्यावरून एफ-३५बी लढाऊ विमानं उडावीत म्हणून फेरफार चाललेले. गाइड ध्वनिवर्धकावर ‘गोएइकान’ म्हणत होती, म्हणजे सोबतीने रक्षण करणारं जहाज. याच जहाजांना सरकार इंग्रजीत डिस्ट्रॉयर म्हणतं. शेजारी बसलेल्या माझ्या जपानी मित्राला मी विचारलं, हे विमानवाहू जहाज नाही का? तो हसला आणि म्हणाला, ‘दिसतं तसं.’

नोव्हेंबर २०२५ मध्ये, पदावर येऊन महिनाही झाला नव्हता तेव्हा, पंतप्रधान सानाए ताकाइची संसदेत तैवानवरच्या प्रश्नाला उत्तर देताना म्हणाल्या की चीनने युद्धनौका आणून बळ वापरलं तर ती ‘सोनरित्सु किकी जिताई’ ठरू शकते. हा २०१५ च्या कायद्यातला शब्द. तो लागू झाला की जपान लढू शकतो. चीनने आपल्या नागरिकांना जपानला जाऊ नका म्हणून सांगितलं, जपानी मासळीची आयात थांबवली. तो सहा कांजींचा (चिनी चित्राक्षरांचा) शब्द त्या आठवड्यात मला तीन वेगवेगळ्या कामांत भाषांतराला आला. मी ‘देशाच्या अस्तित्वाला धोका असलेली स्थिती’ असं लिहिलं. कोणाच्या अस्तित्वाला, कोणाकडून, आणि ते ठरवणार कोण, हे मूळ शब्दात नाही, म्हणून मीही घातलं नाही.